‘बाबा हो म्हणाले’

पत्रातला प्रश्न थोडक्यात, ओळख पटेल असे तपशील काढून:

मी ३७ वर्षांची, नोकरी करते. घरात मी, नवरा, सासरे आणि ९ वर्षांचा मुलगा. आमच्याकडे भांडणं होत नाहीत, कुणाचा आवाज चढत नाही, नातेवाईक आमचं उदाहरण देतात. पण नवरा आणि सासरे गेली काही वर्षं एकमेकांशी थेट बोलत नाहीत. घराच्या कागदपत्रांवरून काहीतरी झालं होतं, नेमकं काय ते मला अजूनही माहीत नाही. पाहुणे आले की दोघंही छान बोलतात, पाहुणे गेले की परत गप्प. सासरे हॉलमध्ये आले की नवरा ‘फोन आलाय’ म्हणून उठतो, फोन वाजलेलाच नसतो. आधी सासूबाई दोघांचे निरोप इकडून तिकडे करायच्या, त्या गेल्यावर ते माझ्याकडे आलं. मागे सासऱ्यांनी मुलाकरवी विचारलं, ‘रविवारी बाबा मला डोळ्यांच्या डॉक्टरकडे नेईल का?’ नवरा लॅपटॉपमधून मान वर न करता ‘बघू’ म्हणाला. मुलाने आत जाऊन सांगितलं, ‘बाबा हो म्हणाले, नक्की नेतो म्हणाले.’ रविवारी सासरे कपडे करून तयार बसले आणि नवरा त्याच्या कामाला बाहेर निघून गेला होता. मी मुलाला खूप रागावले, तो रडला पण एक शब्द बोलला नाही. नंतर कळलं की हल्ली तो असं बरेचदा करतो. त्याची ही खोटं बोलायची सवय कशी मोडू? आणि आम्ही वेगळं राहिलो तर हे सगळं सुटेल का? माझं म्हणाल तर मी ठीक आहे, मला हल्ली कशाचंच फारसं काही वाटत नाही.

प्रिय मैत्रिणी,

तू सुरुवात मुलाच्या खोट्यापासून केलीस तर आपणही तिथूनच जाऊ. मुलं खोटं बोलतात ती बहुतेकदा स्वतःची सुटका करायला, म्हणजे होमवर्क झालाय, ते मी नाही फोडलं, मला नाही माहीत कुणी केलं वगैरे. तुझ्या मुलाला ‘बाबा हो म्हणाले’ सांगून स्वतःसाठी काय मिळालं सांग बरं? काहीच नाही, उलट रविवारी बोलणी खाल्ली. त्याने बाबांचं ‘बघू’ ऐकलं, ते कुठल्या सुरात आलंय तेही ऐकलं, हे जसंच्या तसं सांगितलं तर आजोबांचा चेहरा पडेल हे त्याला कळलं, आणि आजोबांच्या खोलीपर्यंत पोचेस्तोवर त्याने त्याचं ‘हो, नक्की’ करून टाकलं. एवढ्याशा पोराने दोन मोठ्या माणसांची मनं सांभाळायचा घाट घातला, तो फसला, आणि ओरडा त्यालाच बसला. तो बोलला नाही कारण हे सगळं शब्दांत सांगणं त्याच्या आवाक्यातलंच नाहीये.

आता जे लिहितेय ते वाचून लगेच स्वतःला दोष देत बसू नकोस. हे तो तुझं बघून शिकलाय. नवरा वैतागून ‘त्यांना काय करायचंय ते करू देत’ म्हणतो तेव्हा तू सासऱ्यांना काय जाऊन सांगतेस? बहुतेक ‘तुम्हाला योग्य वाटेल तसं करा म्हणतोय’ असं काहीतरी. आणि सासरे ‘त्याला कुठे वेळ आहे आमच्यासाठी’ म्हणाले की नवऱ्याकडे पोचताना त्याचं ‘बाबा विचारत होते तू फार बिझी आहेस का’ असं होत असणार. टोमण्याची धार काढायची, वाक्य थोडं गोड करायचं, मग पुढे द्यायचं. मध्ये अडकलेलं प्रत्येक माणूस हे करतं, आणि ते प्रेमापोटीच करतं, त्यात लबाडी नसते. पण मुलगा ते रोज बघतोय, आणि त्याला वाटतंय की चांगलं माणूस असणं म्हणजे हेच.

तुझ्या पत्रातलं एक वाक्य मला सगळ्यात महत्त्वाचं वाटलं आणि तू ते अगदी जाता जाता लिहिलंयस, की आधी हे काम सासूबाई करायच्या. म्हणजे बघ, आधी त्या, मग तू, आणि आता मुलगा. ड्युटी पुढे पुढे जातेय. तुला कुणी विचारलं नव्हतं की हे करशील का, सासूबाई गेल्या आणि त्या सगळ्या दुःखाच्या गडबडीत कुणीतरी पहिला निरोप तुझ्या हातात ठेवला आणि तू तो पोचवलास, एवढंच झालं असणार. (आणि हे काम बहुतेक घरांमध्ये बाईच्याच वाट्याला का येतं यावर मला खूप बोलायचंय, पण ते परत कधीतरी.) तसंच मुलालाही कुणी नेमलेलं नाही, तो नुसता दोन खोल्यांच्या मध्ये सापडला.

मरे बोवेन नावाचे एक अमेरिकन मानसोपचारतज्ज्ञ होते, १९५०च्या दशकात त्यांनी पेशंटसोबत त्यांच्या घरच्यांनाही हॉस्पिटलच्या वॉर्डमध्ये राहायला बोलावलं आणि सगळे एकमेकांशी कसं वागतात ते जवळून पाहिलं. त्यातून त्यांनी जे मांडलं त्यातली एक गोष्ट तुमच्या घराला तंतोतंत लागू पडते. दोन माणसांमधला ताण असह्य व्हायला लागला की ती दोघं नकळत तिसऱ्या माणसाला मध्ये ओढतात. तिसरं माणूस आलं की ताण जरा हलका होतो, निभावण्यासारखा होतो, आणि म्हणूनच तो मुळापासून कधी सुटत नाही. याला ते त्रिकोण म्हणायचे. तुमच्या घरातल्या त्रिकोणाची तिसरी बाजू तू आहेस, आणि तू दमलीस किंवा ऑफिसात असलीस की तिथे मुलगा उभा राहतो.

म्हणजे तू मध्ये आहेस म्हणून या दोघांचं निभतंय, हे खोटं नाहीये. पण त्याची दुसरी बाजू पण बघ. डॉक्टरकडे नेण्याचंच घे. सासरे स्वतः येऊन समोर उभे राहिले असते आणि ‘रविवारी मला डोळे दाखवायला नेशील का रे’ असं म्हणाले असते, तर तुझ्या नवऱ्याला मान वर न करता ‘बघू’ म्हणता आलं असतं का? कदाचित म्हणालाही असता, पण सोपं नसतं गेलं. आणि सासऱ्यांना नातवाला पाठवणं सोपं गेलं कारण स्वतःच्या मुलाकडून तोंडावर ‘नाही’ ऐकायची भीती निरोपात नसते. निरोपामुळे मागणाऱ्याची लाज वाचते आणि टाळणाऱ्याला टाळणं सोपं होतं. दोघांनाही बरं पडतंय म्हणून तर इतकी वर्षं चाललंय.

दुसरी गोष्ट, तू अभिमानाने लिहिलंस की आमच्याकडे आवाज चढत नाही, मुलासमोर कधी भांडण झालं नाही. त्यामागची तुझी काळजी मला समजते. पण न ओरडता केलेला राग मुलांपर्यंत पोचत नाही असं आपण धरून चालतो ते खरं नाहीये. मार्क कमिंग्ज या मानसशास्त्रज्ञाने आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी १९८०च्या दशकापासून यावर बरंच काम केलंय. मोठ्या माणसांमधले वाद मुलांना दाखवायचे, काही वाद मिटणारे, काही तसेच अर्धवट सुटणारे, काहींमध्ये नुसताच अबोला, आणि मुलांवर काय परिणाम होतो ते बघायचं. मुलांना अबोल्यातला रागसुद्धा राग म्हणून बरोब्बर ओळखता येत होता. आणि जो वाद त्यांच्या डोळ्यांदेखत मिटला त्याचा त्रास त्यांना खूपच कमी झाला, मोठ्यांनी आत जाऊन मिटवला आणि नंतर येऊन फक्त सांगितलं तरी मुलं निवांत व्हायची. म्हणजे मुलाला तापदायक होतं ते न मिटणं, भांड्याला भांडं लागणं नव्हे. तुमच्या घरात त्याने मोठ्यांचा एकही वाद सुरू होऊन संपताना पाहिलेला नाही, त्यामुळे वाद संपू शकतो हेच त्याला माहीत नाहीये.

आणि आता तुझं. ‘मी ठीक आहे, मला कशाचंच फारसं काही वाटत नाही’ हे तू पत्राच्या शेवटी टाकून दिलंयस. मला ते वाचून तुझी काळजी वाटली. दिवसभर दुसऱ्यांचा राग गाळून पुढे द्यायचा तर आधी स्वतःचा राग बाजूला ठेवावा लागतो, आणि रोज बाजूला ठेवता ठेवता एक दिवस तो कुठे ठेवलाय तेच आठवत नाही, मग रागासोबत आनंदही जातो. भावना चेहऱ्यावर न दिसू देणं फुकटात होत नाही. २००३ साली प्रसिद्ध झालेल्या एका प्रयोगात एकमेकींना न ओळखणाऱ्या बायकांच्या जोड्या केल्या, त्यांना एक अस्वस्थ करणारी फिल्म दाखवली आणि त्यावर गप्पा मारायला सांगितलं. काही जोड्यांमध्ये एकीला आधीच सांगून ठेवलं होतं की काही वाटलं तरी दाखवायचं नाही. तर त्या लपवणारीच्या समोर बसलेल्या बाईचं ब्लडप्रेशर वाढलं, तिला यातलं काहीही माहीत नसताना. म्हणजे तू सगळ्यांसाठी म्हणून शांत चेहरा ठेवतेस आणि समोरच्याला त्यातलं काहीतरी लागतंच. तुझं हे काही न वाटणं, झोप, भूक, कामात लक्ष याही गोष्टींवर यायला लागलं असेल आणि दोन-तीन आठवडे टिकून असेल तर ते घरच्या टेन्शनच्या खात्यात टाकू नकोस, स्वतःसाठी डॉक्टरला दाखव. यात वाट बघू नकोस.

वेगळं राहण्याबद्दल विचारलंस. तुम्हाला तिघांना तुमची स्वतःची जागा हवी असेल, सगळ्यांच्या सोयीचं असेल, सासऱ्यांची नीट व्यवस्था होणार असेल तर जरूर राहा, त्यात पाप काही नाही. पण हे सुटावं म्हणून वेगळं होत असाल तर मला नाही वाटत सुटेल. अंतर वाढलं की ताण दिसेनासा होतो इतकंच. तुझ्या नवऱ्याने बोलणं तोडून घरातल्या घरात अंतर ठेवलंच आहे की, त्याने काय सुटलं? आणि मग निरोप फोनवरून येतील आणि ते तुझ्याच फोनवर येतील.

मग करायचं काय. अनेकींच्या मनात येतं की एकदाचं दोघांना समोरासमोर बसवू आणि सगळं बोलून टाकू. माझं स्पष्ट मत आहे की हे करू नकोस. इतक्या वर्षांचं साचलेलं असं एका संध्याकाळी निघत नाही, त्यातून एखादं असं वाक्य बाहेर पडतं जे पुढे कायमचं पुरतं, आणि बैठक बोलावणारी तू असल्यामुळे तू परत मध्येच. कागदपत्रांचं नेमकं काय झालं होतं ते शोधायच्या मागेही लागू नकोस. ते कळलं की तुला न्याय करावासा वाटणार आणि दोघं तुला आपापल्या बाजूला ओढणार. तुझ्या हातात फक्त एक गोष्ट आहे, मधून बाजूला होणं. हळूहळू आणि सांगून.

पहिलं मुलाला मोकळं कर, बाकी सगळं त्यानंतर. रात्री झोपताना किंवा बाहेर चालत जाताना, समोर बसवून लेक्चर दिल्यासारखं नको. त्याला म्हण, ‘त्या दिवशी मी तुला रागावले ना, सॉरी. तू आजोबांना वाईट वाटू नये म्हणून तसं सांगितलंस हे मला आता कळलं. बाबा आणि आजोबा एकमेकांवर नाराज आहेत. ते तुझ्यामुळे नाहीये आणि ते ठीक करायचं काम तुझं नाही, मोठ्यांचं आहे. आता कुणी तुला निरोप दिला तर म्हणायचं, तुम्हीच सांगा ना, आणि खेळायला पळायचं.’ एवढं पुरे. मुलं अशा वेळी एखादा विचित्रच प्रश्न विचारतात, खरं उत्तर माहीत असेल तर दे, नसेल तर ‘मला पण नाही माहीत’ म्हण. आणि एकदा बोलून तो लगेच थांबेल असं नाही, सवय आहे ती, परत करेल तेव्हा न चिडता आठवण करून दे.

मग नवऱ्याशी. वेळ नीट निवड, ऑफिसातून दमून आल्या आल्या नको, आणि सासरे पलीकडच्या खोलीत असताना तर नकोच. गाडीत शेजारी बसून किंवा चालता चालता अशी बोलणी बरी होतात, एकमेकांच्या डोळ्यांत बघावं लागत नाही. ‘तुझं आणि बाबांचं काय चाललंय’ इथून सुरू केलंस की तो लगेच बचावाला उभा राहील. स्वतःबद्दल बोल. ‘मी दमलेय. मी आता निरोप देणार नाही, त्यांचे तुला नाही आणि तुझे त्यांना नाही. तुमच्यात जे झालंय त्यात मी कुणाच्याच बाजूने नाही. आणि आपला मुलगा तुझ्या बघूचं हो करून सांगतोय, ते मला बघवत नाही.’ मला वाटतं शेवटचं वाक्य त्याला लागेल, कारण रविवारी वडील तयार होऊन बसले होते हे त्याला कुणी सांगितलंय का? तुझ्या पत्रावरून तरी वाटत नाही. तेवढं सांग, आवाज न चढवता, टोमणा न मारता. तो त्या ‘हो’बद्दल काहीच जाणत नव्हता, त्याच्या लेखी त्याने नुसतं ‘बघू’ म्हटलं होतं.

सासऱ्यांनाही तेच सांग, तुझ्या पद्धतीने, जरा अदबीने. ‘बाबा, तुम्हाला काय हवं-नको ते मला जरूर सांगा, माझ्याकडून होईल ते मी करेनच. पण त्याला जे सांगायचंय ते तुम्हीच त्याला सांगा, आणि छोट्याला मध्ये नका पाठवू, त्याला त्रास होतो.’ नातवासाठी म्हटल्यावर आजोबा बरंच काही ऐकतात. यात एक गोष्ट जरूर बघून घे, त्यांना ऐकू नीट येतं का? वय झालं की कान हळूहळू कमी होतात, माणसं ते कबूल करत नाहीत आणि बोलणंच टाळायला लागतात, घरच्यांना वाटतं राग धरलाय. डोळ्यांची तपासणी व्हायचीच आहे तर कानांचीही करून घ्या. त्याने वाद मिटेल असं नाही पण निदान ऐकू न आल्याचे गैरसमज तरी त्यात मिसळायचे नाहीत.

थेट म्हणजे तोंडानेच असं काही नाही हां. दोघांनी एकमेकांना व्हॉट्सॲपवर दोन ओळी टाकल्या तरी ते थेटच झालं. सुरुवात तशी झाली तर होऊ दे, तू फक्त सासऱ्यांना मेसेज टाइप करून द्यायला बसू नकोस.

यानंतर काही दिवस घर आत्तापेक्षा वाईट वाटेल, त्याची तयारी ठेव. एखादं बिल भरायचं राहील, एकाच कामाला दोघं जाऊन येतील, नाहीतर कुणीच जाणार नाही, सासरे तोंड फिरवतील, नवरा म्हणेल उगाच वाढवतेयस, चाललं होतं ना सगळं नीट. नेमकं तेव्हाच तुझा हात पुढे जाईल की बाई एवढा एक निरोप देऊन टाकते आणि विषय संपवते. तिथे थांबायचंय. राहिलेलं बिल दंड भरून भरता येतं. अपवाद एकच, तब्येत. औषधं, डॉक्टरची वेळ, पडणं-झडणं यात कुणाचा इगो बघत बसायचं नाही, तू स्वतः करू शकतेस ते सरळ करून टाक. डोळ्यांच्या डॉक्टरकडेही पुढच्या वेळी तूच घेऊन जा, पण ‘त्याने पाठवलंय मला’ असं खोटं सांगून नको.

आणि दोघांपैकी कुणी एखादं वाक्य थेट बोललं तर त्याचा सोहळा करू नकोस. ‘बघा, बोललात की नाही’ वगैरे अजिबात नको. ऐकू न आल्यासारखं कर आणि तुझं काम करत राहा. ती दोघं परत गळ्यात गळे घालतील असं मी तुला सांगणार नाही, कदाचित कामापुरतंच बोलतील आणि त्याच्या पुढे जाणारही नाहीत. काही बापलेकांचं तेवढंच होतं, आणि घर चालायला आणि मुलाला मोकळा श्वास घ्यायला तेवढं पुरतं.

हे पत्र वाचणाऱ्या बाकीच्यांसाठी एक सांगायला हवं. तुमच्या घरी गप्प राहण्याचं कारण भीती असेल, म्हणजे बोललं तर मारहाण होईल, कुणी दारू पिऊन अंगावर येईल, पैसे बंद करेल, घरातून काढेल, तर वरचं काहीही एकटीने करायला जाऊ नका. तिथे आधी तुमची आणि मुलांची सुरक्षितता, विश्वासातल्या माणसाला सांगणं, कायद्याची किंवा संस्थेची मदत घेणं, बाकी सगळं मागाहून. अबोला आणि दहशत बाहेरून सारखेच दिसू शकतात, आत राहणाऱ्याला फरक माहीत असतो.

तुझा नवरा किंवा सासरे काउन्सेलरकडे यायला तयार होतील असं मला तुझ्या पत्रावरून वाटत नाही, तुलाही वाटत नसणार. पण तू एकटी गेलीस तरी चालतं. कुटुंबासोबत काम करणारे काउन्सेलर एकाच माणसाबरोबरही काम करतात, बोवेन स्वतः नंतरच्या काळात घरातल्या ज्या एकाची बदलायची तयारी आहे त्याच्याशीच बरेचदा बोलायचे, कारण एक माणूस वेगळं वागायला लागलं की बाकीच्यांना जुन्यासारखं वागणं अवघड जातं. जाशील तेव्हा कुठून सुरू करू याचं टेन्शन घेऊ नकोस, मला पाठवलेलं हे पत्रच त्यांना वाचायला दे, आणि शेवटचं ते ‘मला काही वाटत नाही’ तेवढं आधी वाचायला सांग.